‘ये’ म्हणायचं राहिलं

बाबलीकाकांनी ओसरीवरचा दिवा मुद्दाम मालवला. सृष्टीने सुशांतचा दंडच धरला.

“गो, अजून सुरवात पण करूक नाय!” काका हसले. “तारकर्लीच्या किरणाक तुमी वळखतास मां? तेच्याच घरातली गजाल.”

गेल्या मार्गशीर्षातली अमावास्या. किरण मालवणला जाऊन भाड्याचा प्रोजेक्टर घेऊन आला. घरी उतरलेल्या पाहुण्यांना जुना मूकपट दाखवायचा होता. छोटासाच. सासू सुनेला घराबाहेर काढते, एवढीच गोष्ट. सुनेचं काम पुरुषाने केलेलं. तोंडाला, ओठांनाही पांढराफेक रंग.

किरणचं लक्ष मात्र फोनकडे. त्याच्या आईशी भांडून बायको प्रियांका वेंगुर्ल्याला माहेरी गेली होती. निघताना उंबऱ्यावर थांबून “येतंय” म्हणाली. अशा वेळी घरातल्याने “ये” म्हणायचं असतं. किरणने मोबाईलमधून मान वर केली नव्हती. आता ती फोन उचलत नव्हती. उद्या उरलेले कपडे न्यायला येते, एवढाच निरोप होता.

अंगणात पडदा लागला. सून उंबऱ्यावर आली, वळली, ओठ हलले... आणि चित्र अडकलं. किरणने मागे नेऊन पुन्हा लावलं. तिथेच अडकलं. वायर बदलली. तिथेच!

“दादा, तुमची सून काही घर सोडत नाही,” एक पाहुणा म्हणाला. सगळे हसत झोपायला गेले.

किरण एकटाच खटपटत राहिला. घामाघूम. चिडलेला. पुन्हा तेच दार. तेच ओठ...

ये... तं... य.

“मगे ये गो बाये! ये एकदाची!” तो ओरडला.

चित्र सुटलं. पडद्यावरचा उंबरा रिकामा होता.

मागे घराची कडी वाजली.

“इलंस?” आतून आईचा आवाज. “बरां केलंस गो. माझांच चुकलां. बस. पेज वाढतंय.”



किरणने मान वळवायचा प्रयत्न केला. वळेना. आत वाटीचा आवाज झाला.

सकाळी प्रियांका रिक्षातून उतरली. हातात रिकामी पिशवी. मोतीबिंदू झालेल्या डोळ्यांवर हात धरून सासू दारात आली.

“रातीक इलंस, आणि परत खंय गेल्लंस?”

“मी? मी आताच येतंय.”

“खोटां बोलू नको! तुझी माफी मागलंय. पेज दिलंय. तू मात्र एक शब्द बोलूक नाय. नुसते ओठ हलयत होतंस.”

प्रियांकाने किरणकडे पाहिलं. तो चुलीजवळच्या वाटीकडे बघत होता. तिने पिशवी खाली ठेवली.

ती परत गेली नाही. वाटी अजून फळीवर आहे. राखेने कितीदा घासली, तरी काठावरचा ओठांचा ठसा जात नाही.

पांढराफेक.