ओरिए हागिवाराचा शेवटचा शॉट

मोरिसुएला त्या रात्री काम साधंच होतं. फिल्म धुण्याच्या प्रयोगशाळेतून रीळ आणायचं आणि वाटेत निर्माते कुमागाई यांच्यासाठी वाम मासा आणि भाताचा डबा घ्यायचा. हसू नका रे पोरांनो. मोरिसुए आमच्या क्योतोच्या स्टुडिओत संकलक होता, आणि खोटं बोलायचं त्याला कधी जमलंच नाही.

बारा फेब्रुवारी १९५७, मंगळवार. रात्रीचे अकरा वाजून वीस मिनिटं.

रिळात ओरिए हागिवारा होती. युद्ध संपलं तेव्हा ओसाकाच्या जळक्या गल्लीत रताळी विकणारी पोर. स्टुडिओने नवे चेहरे निवडले त्यात आली, आणि दहा वर्षांत त्रेचाळीस चित्रपट केले. लग्न झालेल्या नायिकेला कोण बघतं, म्हणून कंपनीने तिचं ठरलेलं लग्न मोडलं. तिशीला टेकली तशा आईच्या भूमिका गळ्यात मारल्या. शेवटी, जानेवारीत, अंगात ताप असताना नदीत उभी केली. ती खरंच बुडायला लागली. दिग्दर्शक ‘कट’ म्हणून ओरडला. कुमागाईने कॅमेरामनचा हात धरला, चालू राहू दे म्हणाला. बाहेर काढली तेव्हा ती गेली होती.

कुमागाईला तोच शॉट चित्रपटात हवा होता.

तो संकलनाच्या टेबलाशीच जेवायला बसला. ओठांवर तेल, बोटांना भात.

“परत दाखव.”

“साहेब, पुरे आता. ती खरंच मरतेय हो.”

“म्हणून तर! असं मरायला दुसऱ्या कुठल्या नटीला जमेल? बायका रडून रडून रुमाल भिजवतील. दोन सेकंद वाढव.”

मोरिसुए नंतर मला म्हणाला, “आधी त्याची किळस आली. मग माझी. मशीन मीच फिरवत होतो ना.”

मशीनच्या छोट्या पडद्यावर तीनदा ती काठाकडे बघत बुडाली. चौथ्यांदा तिने मान वळवली. थेट या दोघांकडे.

“हा दुसरा टेक का रे?”

“एकच टेक आहे, साहेब.”

पाचव्यांदा ती बुडालीच नाही. नुसती उभी. पाणी हनुवटीला. बघत होती... तुकडा मुका होता, आवाज जोडलाच नव्हता. तरी ऐकू आलं.

“कट...”

मोरिसुए खुर्ची मागे सारून उठला. कुमागाईने मात्र घास चावत चावत बोटं चाटली.

“आवाजही झकास आलाय. ठेव.”

मोरिसुएला तिथेच ओकारी आली. त्याने तोंड पुसलं आणि मशीनची वायर उपटली.

मशीन थांबलं. दिवा विझला.

पडद्यावर चित्र तसंच...

कुमागाईचं चावणं थांबलं. मग दोघेही पळाले.

सकाळी प्रयोगशाळेतलं कुलूपबंद कपाट उघडलं. मूळ निगेटिव्ह जागेवर होती. त्या शॉटची प्रत्येक चौकट, सातशे बाराच्या सातशे बारा, फुली मारलेली. बरोबर तिच्या चेहऱ्यावर. तो शॉट वगळूनच चित्रपट लावावा लागला.

त्या फुल्यांवरून मी स्वतः बोट फिरवलंय. दोन्ही बाजूंनी. कुठे ओरखडा नाही. काच असावी तशी गुळगुळीत.

फुल्या आतून होत्या.