खुर्चीवरची टोपी

दिवा जरा इकडे सरकव. गोष्ट भीतीची आहे म्हणून नव्हे, मला तुझं तोंड दिसावं म्हणून. माणूस घाबरला की त्याचे कान आधी हलतात, आणि मला ते बघायला फार आवडतं.

त्या दिवशी मी भूत शोधायला निघालो नव्हतो, तळघर आवरायला उतरलो होतो. मार्नीचं, म्हणजे माझ्या लेकीचं, फर्मान होतं. भंगारवाला येणार, जुनं सगळं बाहेर काढ, मग घर विकायला काढू आणि तुला त्या म्हाताऱ्यांच्या आश्रमात छान खोली बघू. तिथं संध्याकाळी सगळे मिळून फुगा हवेत ठेवायचा खेळ खेळतात म्हणे. मी आयुष्यभर या डुलुथ गावच्या चढांवर बर्फ उपसायचा ट्रक चालवला, आणि आता फुगा ठेवू?

"बाबा, तू पडलास तर बघायला कोण आहे?" ती म्हणाली होती.

"माझी माणसं आहेत," मी म्हणालो.

"ती कॅमेऱ्यातली? अरे, ती सगळी गेली कधीच."

हे मात्र मला लागलं. तुम्ही शिकलेली पोरं आज खिशातून फोन काढता आणि जगाला आपलं जेवण दाखवता. आमच्या काळी कॅमेरा म्हणजे कॉम्प्युटरच्या डोक्यावर बसवलेला एक वाटोळा डोळा होता. अर्ध्या मिनिटाला एक चित्र जायचं, तेही वरून खाली ठिबकत ठिबकत. आधी कपाळ, मग नाक. हनुवटी येईपर्यंत माणूस उठून गेलेला असायचा. आवाज नाही, काही नाही. पण आमचा कळप होता. कुणी स्कॉटलंडचा बसड्रायव्हर, कुणी कॅनडातली दात काढणारी बाई, मी शाळेने आठवीत सोडून दिलेला, आणि नेब्रास्काची अर्डिस. ती विधवा होती, पिवळे पडदे लावलेल्या स्वयंपाकघरात दिवसभर बसायची. आम्ही एकमेकांना नुसतं बसलेलं बघायचो. लोक हसायचे. हसू देत.

आमचे कायदे होते. जागेवरून उठायचं तर खुर्चीवर आपली खूण ठेवायची. माझी टोपी, अर्डिसचा हिरवा एप्रन. खूण दिसली म्हणजे माणूस परत येणार आहे. आला की खूण काढायची. खुर्ची रिकामी आणि खूणही नाही, म्हणजे काहीतरी बिनसलं. दुसरा कायदा माझ्यामुळे झाला. मी एकदा माझंच झोपलेलं जुनं चित्र लावून मासे पकडायला गेलो, आणि कळप दुपारभर माझ्या झोपेची काळजी करत बसला. तेव्हापासून कुणीही पुरावा मागू शके. 'किटली डोक्यावर ठेव' म्हटलं की ठेवायची. म्हणजे चित्र ताजं.

आणि एकदा अर्डिसची खुर्ची रिकामी दिसली. एप्रन नाही. स्कॉटलंडच्या ड्रायव्हरनं तिथून नेब्रास्काच्या अग्निशमन केंद्रात फोन लावला. ती कोठीत पडली होती, खुब्याचं हाड मोडून. शेजारणीला पत्ता नव्हता आणि समुद्रापलीकडच्या माणसानं तिला वाचवलं. सांग बरं, तुमच्या त्या हजारो मित्रांपैकी एकानं असं केलंय? त्यानंतर आम्ही जोड्या लावल्या. प्रत्येकानं आपल्या जोडीदाराच्या गावच्या अग्निशमन केंद्राचा नंबर पाठ करायचा. ड्रायव्हर म्हणाला, अर्डिसला तो वाचवून चुकलाय, आता एल्मरला, म्हणजे मला, सांभाळायचं काम तिचं. तेव्हापासून माझ्या गावचा नंबर अर्डिसकडे.

पुढे अर्डिस गेली. नीट गेली, अंथरुणात. तिचं घर पाडून रस्ता रुंद केला. एकेक करून सगळे डोळे मिटले.

तर त्या दिवशी दुपारीच अंधारून आलं होतं. बर्फ तिरका पडत होता आणि तळघराच्या झरोक्यातून दुधाळ, आजारी उजेड येत होता. कोपऱ्यात घर गरम करायची भट्टी घुरघुरत होती. खोक्यांखाली माझा जुना कॉम्प्युटर सापडला, वर तो डोळा तसाच. म्हटलं, भंगारात जाण्याआधी एकदा उठवू. माझी जुनी खुर्ची ओढली, टोपी डोक्यावर होतीच, विजेची तार तेवढी जोडली आणि बटण दाबलं.

जळक्या धुळीचा वास आला. मग ते यंत्र किंचाळलं. फोनच्या तारेवरून जोडलं जाताना किंचाळायचं ना, तसंच. मी खूश. डोळ्याशेजारचा हिरवा दिवा लागला, आणि पडद्यावर वरून खाली चित्र ठिबकायला लागलं.

आधी पिवळे पडदे. मग टेबल. मग खुर्ची... आणि तिच्या पाठीवर हिरवा एप्रन.

मी पोट धरून हसलो. जन्मभर लोकांना बनवलं, आता कुणीतरी मला बनवत होतं. बहुतेक तो ड्रायव्हरच, अजून जिवंत असावा लबाड. मी टाइप केलं, पुरावा दे. किटली टेबलावर ठेव.

पुढचं चित्र उतरलं. किटली नव्हती. खिडकी उघडी होती आणि पडदे आत उडत होते.

मी लिहिलं, खिडकी नाही रे गाढवा, किटली.

पुढच्या चित्रात दारही उघडं होतं. सताड. बर्फ आत येऊन फरशीवर साठला होता. माझं डोकं ठणकायला लागलं. मला वाटलं, धुळीनं. भट्टीची घुरघुर लांबून, पाण्याखालून आल्यासारखी वाटत होती.

मग ती आली. टेबलामागे, पाठमोरी... पांढरा अंबाडा. पुढच्या चित्रात टेबलाच्या अलीकडे. त्यापुढच्यात तिचा चेहराच पडदाभर, इतका जवळ की डोळे मावत नव्हते. आ वासलेला. ती ओरडत होती आणि आमच्यात आवाज नव्हता...

मी काय केलं असेल? भ्यायलो नाही. मी लिहिलं, "अगं बाई, कायदा पाळ. किटली ठेव..." बोटं कळांवरून घसरत होती. झोप येत होती, फार गोड झोप. पुढचं चित्र उतरताना मला नुसता वरचा भाग दिसला. ती नव्हती. एप्रनही...

मग दार फुटल्याचा आवाज, थंड हवा, आणि तोंडावर रबरी मुखवटा.

धुराडं बर्फानं बुजलं होतं. भट्टीचा विषारी वायू तळघरात कोंडला होता, ना त्याला वास ना रंग. ड्वेन म्हणून अग्निशमनचा पोरगा आहे, तो म्हणाला, "म्हातारबा, अजून थोडा उशीर झाला असता तर मेणबत्ती लावायलाच यावं लागलं असतं."

मी विचारलं, बोलावलं कुणी?

तो म्हणाला, एका बाईचा फोन आला होता. तोही नेहमीच्या आणीबाणीच्या नंबरावर नाही, केंद्रातल्या जेवणाच्या टेबलाशेजारी भिंतीवर टांगलेल्या जुन्या फोनवर. तो वाजतो हेच त्यांच्यातल्या कुणाला माहीत नव्हतं. माझा पत्ता सांगितला आणि म्हणाली...

"काय म्हणाली?"

"म्हणाली, एल्मरची खुर्ची रिकामी आहे आणि टोपी ठेवलेली नाही."

मी खाली घसरलो होतो ना. टोपी माझ्या डोक्यावर.

दुसऱ्या दिवशी मार्नी आली. डॉक्टरांनी सांगितलंय, म्हणाली, त्या वायूनं माणसाला नाही नाही ते दिसतं. मी म्हटलं, बरोबर आहे बाळ, मला दिसलं असेल. ड्वेनच्या फोनला कसं ऐकू आलं? मग तिला तळघरात नेलं आणि फोनची तार दाखवली. तिचं टोक मोकळं, भिंतीपासून वीतभर दूर, धुळीत पडलेलं. तिनं ते टोक उचलून पाहिलं आणि परत खाली ठेवलं. फुग्याचा विषय परत निघाला नाही. भंगारवाल्यालाही तिनंच फोन करून नको म्हणून सांगितलं.

आता मी कॉलर ताठ करून हिंडतो. माझी माणसं आहेत म्हणालो होतो की नाही?

आणि कायदा पाळतो. खुर्ची वर आणून खिडकीशी ठेवली आहे. बाहेर जाताना लोकरीची दुसरी टोपी घालतो, आणि ती जुनी खुर्चीवर. परत आलो की उचलून खुंटीला. इतकी वर्षं एकट्यानं राहून असं काहीतरी लागतं.

परवा पत्रपेटीपर्यंत गेलो होतो, एवढंच. कुलूप मी माझ्या हातानं काढलं. उंबऱ्यावर बुटांचा बर्फ झाडत होतो आणि सहज आत नजर गेली.

टोपी खुंटीला होती.

आता कान हलले तुझे. टोपी काढली म्हणजे परत आलो, बसलोय, काळजी नको. असा आमचा कायदा. खुर्ची खिडकीकडून वळून दाराकडे तोंड करून होती, आणि मी तर अजून उंबऱ्यातच उभा होतो...