हे असं, तसं ते

“आज परत अंगठा घेतला नाही त्या हजेरीच्या मशीननं. पुसून पुसून कातडं जायची वेळ आली, तरी आपला लाल दिवाच.”

जिन्यात बूट काढता काढता प्रफुल्ल आईपाशी कुरकुरत होता. वर गच्चीच्या दाराआड ज्योत्स्ना कुरडयांचा सोऱ्या धूत बसली होती. तिला शब्दन् शब्द ऐकू आला. तिनं हात थांबवला नाही. जरा हसली फक्त.

सिडकोतल्या त्या गच्चीवरून एका अंगाला पांडवलेणीचा डोंगर दिसतो, दुसऱ्या अंगाला अंबडच्या कारखान्यांचे पत्रे. त्यातल्याच एका पत्र्याखाली मागच्या दिवाळीआधी तिची एकुलती एक लेक चैताली सुटे भाग दाबून काढणाऱ्या प्रेसमध्ये सापडून गेली. माणूस मध्ये आला की प्रेस थांबावा म्हणून त्याला सेन्सर असतो, मशीनचा डोळाच म्हणा ना. माल भराभर निघावा म्हणून तो बंद करून ठेवला होता. कुणी, ते अख्ख्या बिल्डिंगला ठाऊक होतं, कारण चैतालीचा सुपरवायझर, हाच प्रफुल्ल, रोज याच जिन्यानं वर-खाली करायचा. चौकशीत पोरगी बेसावध होती असं ठरलं. बिल्डिंगनं नशिबावर ढकललं. बायका समोर आल्या की भाजीच्या भावावर बोलायच्या.

ज्योत्स्ना एकदा त्याच्या दाराशी जाऊन आली होती. मला दुसरं काही नको, म्हणाली, चार माणसांत एवढंच म्हण की सेन्सर मी बंद केला होता. प्रफुल्ल चपलांकडे बघत राहिला. काकू, ते सगळं वरून येतं, तुम्हाला नाही कळायचं, असं काहीसं पुटपुटला. त्याच्या आईनं, यशोदाबाईंनी, कुकरची शिट्टी झाली म्हणून दार लोटून घेतलं. शिट्टी झाली नव्हती.

मग ज्योत्स्नानं ते वरच्याला सांगितलं.

वरचं म्हणजे देव नव्हे, भूतबित तर नव्हेच. बऱ्याच उन्हाळ्यांपूर्वी, भर दुपारी कुरडया घालताना तिला ते आपसूक सापडलं होतं. आभाळाच्याही पलीकडून कुणीतरी वाकून बघत असतं, आणि माणूस म्हणजे काय हेच त्याला माहीत नसतं. त्याला शब्द कळत नाहीत, नवस कळत नाही, हुंदका तर नाहीच नाही. दोन वस्तू शेजारी मांडायच्या आणि मध्ये एक ओली कुरडई घालायची, एवढीच त्याची भाषा. हे असं, तसं ते. बाकीच्या कुरडया खडखडीत वाळल्या आणि मधली तेवढी ओली, गार राहिली, की त्यानं ऐकलं.

पहिल्यांदा तिनं गंमत म्हणून कुंडीतल्या न फळणाऱ्या लिंबाचं पान मांडलं होतं, शेजारी बाजारातलं लिंबू. पावसाळ्यात झाड लगडलं. प्रत्येक लिंबावर बाजारातल्या लिंबाचा ओरखडा होता, तोच, त्याच जागी. लोणचं झकास झालं, पण त्यानंतर तिनं वरच्याच्या वाटेला जाणं सोडलं होतं.

यंदा तिनं एकीकडे चैतालीचा कामावरचा हातमोजा ठेवला, दुसरीकडे दोरीवरून उडून आलेला प्रफुल्लचा रुमाल. मध्ये सोऱ्या फिरवून एक कुरडई घातली. आपण मरण मागतोय, अशीच तिची समजूत होती. संध्याकाळी कुरडई ओली होती.

अंगठा अडला तो त्यानंतर.

मग मॉलचं आपोआप उघडणारं दार त्याच्यासाठी उघडेना, काचेवर नाक आपटलं म्हणे. त्यानं हात करूनही सिटी बस न थांबता जाऊ लागली. त्याला बघून हमखास भुंकणारं बिल्डिंगचं कुत्रं आता मानही वर करीना. पुढे चहाच्या टपरीवर त्याला सोडून दोन्ही बाजूंच्या गिऱ्हाइकांना चहा मिळू लागला. वॉचमन नवनाथनं तो फाटकात उभा असतानाच कुलूप घातलं.

तेव्हा ज्योत्स्नाला उमगलं. वरच्याला मरण काय ठाऊक! चैतालीचं काय झालं म्हणून त्यानं पाहिलं, तर त्याला एवढंच दिसलं, की ती मशीनला दिसली नाही.

हे मरणापेक्षा बरं, तिला वाटलं. प्रत्येक बातमी तिनं तिखटमीठ लावलेल्या कैरीच्या फोडीसारखी जिभेवर घोळवली. एक मात्र तिनं मनाशी पक्कं केलं होतं. त्यानं येऊन चार माणसांत कबूल केलं, की त्याच दिवशी हातमोजा आणि रुमाल वेगळे करायचे. बघू वरचं ऐकतं का. म्हणून ती रोज दार सताड उघडं टाकून बसायची.

तो आला नाही.

अजून मस्ती उतरली नाही मेल्याची, असं म्हणून तिनं आणखी एक कुरडई मध्ये घातली. तीही ओली राहिली.

हळूहळू त्याच्याबद्दल बातम्याही येईनाशा झाल्या. प्रफुल्ल कुठंय, असं बिल्डिंगमध्ये कुणी विचारीना. यशोदाबाई जिन्यात एकट्याच बोलताना दिसत, आणि बायका म्हणत, म्हातारीचं वय झालं. ज्योत्स्नाच्या उघड्या दारातही त्या कितीदा येऊन नुसत्या उभ्या राहिल्या. शेजारच्या रिकाम्या जागेकडे बघायच्या, कशाची तरी वाट बघितल्यासारख्या, आणि परत जायच्या. ज्योत्स्नाही मुद्दाम काही बोलायची नाही.

आज गच्चीवर सगळ्या बायका कुरडया घालायला जमल्या होत्या. ऊन मी म्हणत होतं. धापा टाकत यशोदाबाई वर आल्या. त्यांचा डावा हात अंगापासून जरा दूर होता, बोटं मिटलेली, कुणाचं तरी मनगट धरल्यासारखी.

बायकांनी सरकून वाट दिली.

ज्योत्स्नानं त्यांच्या शेजारी पाहिलं. नुसतं ऊन.

मग तिच्या पुढ्यातल्या, नुकत्याच घातलेल्या दोन ओल्या कुरडया शेजारी शेजारी हळूहळू चपटल्या, कुणी गुडघे टेकावेत तशा.

“ज्योत्स्ना, तो सेन्सर माझ्या प्रफुल्लनंच बंद केला व्हता,” यशोदाबाई म्हणाल्या. “किती दिस झाले, पोरगं तुझ्या दारात येऊन हात जोडून हेच सांगतंय. तुला खरंच ऐकू येत नाय का गं?”