वजनाला बसलेली मुलगी

"ओ ताई, जरा वजनाला बसता का?"

संध्याकाळच्या वेळी घोडेगावच्या एसटी स्टँडवर डिंभ्याच्या गाडीची वाट बघत उभ्या असलेल्या मुलीला कुणी असं विचारलं, तर तिनं काय समजायचं? रत्नाने आधी मागे वळून पाहिलं... मागे कुणीच नव्हतं. मग तिने विचारणाऱ्याकडे पाहिलं. काळे झालेले हात, कानावर अडकवलेला टेस्टर, आणि तोंडावर असा साधा भाव, की जणू त्याने प्यायला पाणीच मागितलं होतं.

"कशाला बसता का?" तिने विचारलं.

"वजनाला. त्या गाडीत, मागच्या सीटवर. ह्या आजी बसल्यात, पण एकट्या आजीनं गाडी दबंना."

खरोखरच, स्टँडच्या कडेच्या भिंतीसमोर एक पांढरी गाडी उभी होती, आणि तिच्या मागच्या सीटवर रत्नाच्याच गावची ठमाबाई मांडीवर पिशवी घेऊन ऐटीत बसली होती. तिच्या हातात चहाचा ग्लासही होता.

"मी काय सिमेंटची गोणी वाटले का तुमाला?"

"गोणी असती तर इचारलं नसतं. उचलून ठिवली असती."

रत्नाला राग यायला हवा होता. पण झालं उलटंच, तिला हसू फुटलं. ते लपवायला ती मान खाली घालून गाडीकडे निघाली, आणि बसल्यावर दार जरा जोरातच लावून घेतलं.

ही गोष्ट दोन हजार दोन सालची. रत्ना घोडेगावात एका शिलाईच्या दुकानात शाळेचे गणवेश शिवायची आणि रोज डिंभ्याहून ये-जा करायची. त्या मुलाचं नाव कपिल. स्टँडशेजारी त्याचं पत्र्याचं दुकान होतं, गाड्यांच्या वायरिंगचं आणि दिव्यांचं. रिकाम्या गाडीचा दिवा तो कधीच लावून द्यायचा नाही, हा त्याचा नेम. त्यामुळे दिवेलागणीला स्टँडवर जो कुणी ताटकळत असेल, त्याला तो वजनाला बसवायचा आणि वर चहा पाजायचा. घोडेगावच्या लोकांना याची सवय झाली होती. रत्नाचा मात्र घोडेगावातल्या कामाचा तो पहिलाच दिवस.

"रिकामीच लावली तर काय बिघडतं?" तिने खिडकीतून विचारलं.

"मागं माणसं बसली की गाडीचं मागचं अंग दबतं आन् नाक वर व्हतं. मंग फोकस रस्त्यावर पडायचा त्यो समोरच्याच्या डोळ्यात जातो."

"म्हंजे फ्रॉकच्या घेरासारखंच की. टेबलावर मापून दुमडला, की अंगात घातल्यावर एका बाजूला लोंबतो. खूण करायची ती अंगावर घालूनच."

कपिलचा स्क्रू ड्रायव्हर हातातच राहिला. त्याने पहिल्यांदाच तिच्याकडे नीट पाहिलं, आणि ते पाहणं अंमळ लांबलंच. ठमाबाईने खाकरून त्याला जागं केलं.

ती गाडी एका कांदा-व्यापाऱ्याची होती, नव्या पद्धतीची. प्रत्येक दिव्यामागे एक चिमुकली मोटर आणि स्टिअरिंगजवळ एक चाकी. चाकी फिरवली की दिव्यांचा झोत वर-खाली व्हायचा. चिखलपाण्याने मोटर अडकली होती, म्हणून महिनाभर व्यापारी चिंचेचे शेंडे उजळत फिरत होता. कपिलने ती खोलून, पुसून, पुन्हा बसवली होती.

"ताई, पुढं वाकून ती चाकी फिरवा बरं... हळू."

"ताई म्हणायची काय गरज न्हाई. रत्ना नाव हाय माझं."

"बरं. रत्नाबाई, फिरवा."

"बाई तर त्याहून नको."

तिने चाकी फिरवली. समोरच्या भिंतीवर, निळीने ओढलेल्या रेघेवर, उजेडाचे दोन तुकडे सरकत खाली आले. कपिलने एका दिव्यावर पोतं टाकलं, गाडीचं मागचं अंग हाताने दोनदा दाबून सोडलं, ती डुलून स्थिर होईपर्यंत श्वास रोखल्यासारखा थांबला, आणि मग स्क्रूला हलकेच पीळ दिला. मग पोतं दुसऱ्या दिव्यावर. घाई नाही, आदळआपट नाही. रत्नाला शिवणातला हात ओळखता यायचा. कोण कापडाला दटावतो आणि कोण त्याला समजावतो, हे ती लांबून सांगायची. हा समजावणारा होता. काचेतून ती बघत राहिली, आणि आपण बघतोय हे तिच्या ध्यानात आलं तेव्हा डिंभ्याची एसटी येऊन निघूनही गेली होती.

"गाडी गेली की माझी," ती खाली उतरत म्हणाली.

"चूक माझी हाय," कपिल म्हणाला. "ह्या गाडीची ट्रायल घ्यायचीच हाय. डिंभ्यापातूर घेतो. आजी, चला."

ठमाबाई उतरलीच नव्हती.

रस्त्यावर भुरभुर सुरू झाली. ओल्या डांबरावर उजेड कसा शहाण्यासारखा पसरला होता, खड्डा दाखवणारा आणि समोरच्याला न बोचणारा. समोरून येणारा एकही गाडीवाला वैतागून हॉर्न मारत नव्हता. रत्नाला वाटलं, हा माणूस अशा लोकांची काळजी घेतो, ज्यांना तो कधी भेटणारही नाही... त्यांना तर हे कळणारसुद्धा नाही. तिला तो त्या क्षणी फार आवडला. उगाच आढेवेढे कशाला, आवडलाच.

तेवढ्यात वळणावरून एक जीप आली. तिचा झोत थेट डोळ्यांत. कपिलने ब्रेक दाबला, हात आडवा धरला आणि जीप धडधडत निघून गेली.

"कोण ह्यो शहाणा? एकदा धरून त्याच्याच गाडीम्होरं उभा केला पायजे."

रत्ना खिडकीबाहेर बघू लागली. ठमाबाईने मात्र पिशवी सावरत सांगून टाकलं, "ह्यो हिचा बाप."

पुढचा सगळा रस्ता कपिलने नजर रस्त्यावरून हलवली नाही. रत्ना मात्र ओढणी तोंडावर धरून हसत होती.

त्यानंतर रत्नाची एसटी वरचेवर चुकू लागली. आता एसटीच ती, तिला कोण बोल लावणार? रत्ना कधी दवाखान्याच्या गाडीत वजनाला बसली, कधी झेंडूच्या माळा लावलेल्या नवरदेवाच्या गाडीत. त्या दिवशी कपिल दिवा लावता लावता काचेआडून म्हणाला, "शोभतंय."

"काय?"

"फुलं," तो म्हणाला, आणि स्क्रू उलटा फिरवून बसला. सगळं काम पुन्हा करावं लागलं.

दिवाळी जवळ आली तसं रत्नाने आईला, द्रौपदाबाईला, सगळं सांगितलं. आई शहाणी. तिने नवऱ्याला एवढंच सांगितलं की, आपल्याच समाजातला एक मुलगा आहे, घोडेगावला दुकान आहे, चहाला येतो म्हणतोय. सोमनाथ हो म्हणाला. तो डिंभ्याच्या धरणाच्या वरच्या अंगाच्या वाड्यांना जीप चालवायचा, माणसं ने-आण करायचा. माणूस सरळ, पण जीपवर जीव. तिला रोज धुवायचा, पुसायचा, आणि दिवे तर त्याने स्वतःच्या हाताने वर करून ठेवले होते.

कपिल इस्त्रीचा शर्ट घालून आला. "जय भीम, मामा," म्हणून वाकला. सगळं झकास चाललं होतं. मग सोमनाथने कौतुकाने अंगणाकडे मान केली. "गाडी कशी वाटली आमची?"

रत्नाने आतून मनातल्या मनात त्याला विनवलं, लई भारी म्हण, एवढंच म्हण. पण ज्याला डोळ्यांसमोर तिरपी रेघ सहन होत नाही, तो काय कपाळ खोटं बोलणार?

"लई निगुतीनं ठिवलीय, मामा. फकस्त फोकस समोरच्याला आंधळा करतोय. मी सवता अनुभवलंय."

सोमनाथने कपबशी खाली ठेवली. "तू पोरगी बघाया आलाय, का जीप पासिंग कराया?"

चहा तसाच राहिला. कपिल गेल्यावर सोमनाथ म्हणाला, "पयल्या दिशी माझ्या घरात बसून माझी चूक काढतो, त्यो पुढं माझ्या पोरीला काय सुखानं नांदवंल? जुन्नरकडचं एक स्थळ आलंय. रविवारी त्यांना बोलवा."

रत्ना त्या रात्री रडली. दुसऱ्या दिवशी घोडेगावात तिने कपिललाच फैलावर घेतलं. "एक वाक्य. एक वाक्य गिळता आलं न्हाई तुमाला?"

"न्हाई आलं," तो खालच्या मानेने म्हणाला. "त्या रस्त्यानं तू रोज येतीस. समोरच्या डायवरला काय दिसलं न्हाई, तर... त्यो तुझ्याच गाडीवर येईल की."

आपल्यासाठी सगळ्यात वाईट वेळी खरं बोलणारा माणूस मिळाला आहे, हे रत्नाला कळलं, आणि तो हातातून जाऊ द्यायचा नाही हेही. ती घरी गेली आणि सरळ बापासमोर उभी राहिली.

"अण्णा, तुमी कधी तुमच्या गाडीम्होरं उभं राह्यलाय?"

"म्हंजे?"

"गाडी भरलेली, दिवं लावल्यालं, आन् तुमी रस्त्यावर. येकदा राहून बघा. मंग म्हणाल त्या घरात जाईन, चकार शब्द काढणार न्हाई."

सोमनाथने पोरीच्या डोळ्यांत पाहिलं. तिथे हट्ट नव्हता, पैज होती, आणि पैजेवर तिचं अख्खं आयुष्य लागलेलं होतं. शुक्रवारी संध्याकाळी त्याने जीप संपत नावाच्या ड्रायव्हरच्या हाती दिली आणि स्वतः रत्नाबरोबर धरणाच्या रस्त्याला जाऊन उभा राहिला.

जीप वरून येत होती. आत माणसं, मागे लटकलेली माणसं. मागचं अंग दबलेलं, नाक वर. झोत अंगावर आला तसा सोमनाथने दोन्ही हातांनी डोळे झाकले, मागे सरला, आणि त्याचा पाय कडेच्या चरात गेला. जीप निघून गेली तरी तो बराच वेळ डोळे चोळत तिथेच उभा होता.

"लई वर्साखाली एका वळणावर धनगराची मेंढरं बसली व्हती," सोमनाथ शेवटी म्हणाला. "येकदम म्होरं आल्यावर दिसली. चार-दोन गेली चाकाखाली. धनगर काय बोलला न्हाई, नुसता बघत राह्यला माझ्याकडं. तवापास्नं मी दिवा वर केला, लांबचं दिसावं म्हणून. आता खाली केला तर मला दिसत न्हाई, वर केला तर समोरच्याला दिसत न्हाई... दोन्ही कसं जमवायचं, ते त्या तुझ्या शहाण्याला इचार."

त्याच रात्री घरातून जुन्नरला निरोप गेला की, रविवारी येऊ नका.

रविवारी आला तो कपिल, हातात चोकच्या वायरचं, म्हणजे एक टोक ओढलं की दुसरं सरकतं तसल्या तारेचं, वेटोळं घेऊन. मेंढरांची गोष्ट त्याने रत्नाकडून ऐकली होती, आणि आल्या आल्या तो सोमनाथला म्हणाला, "मामा, तुमी दिवा वर केला ते चुकीचं नव्हतं. निम्मंच व्हतं." त्याने दिव्यांचे खालचे स्क्रू काढून तिथे स्प्रिंगा बसवल्या, वायर ओवून आत घेतली आणि तिच्या टोकाला स्टिअरिंगशेजारी एक मूठ लावली. व्यापाऱ्याच्या गाडीत मोटर करायची ते काम इथे हाताने होणार होतं. गाडी रिकामी असली की मूठ आत, दिवा लांब. गाडी भरली की मूठ बाहेर ओढायची, दिवा खाली. सोमनाथ दिवसभर बाजूला उकिडवा बसून बघत होता, आणि संध्याकाळपर्यंत न मागता पाने-पकडी पुढे करू लागला होता.

दिवेलागण झाली. जीप माणसांनी भरली, अर्थातच ठमाबाई सगळ्यांत आधी. सोमनाथ स्टिअरिंगवर, शेजारी रत्ना. कपिल पुढे रस्त्यावर जाऊन उभा राहिला. मूठ अजून आतच होती, त्यामुळे झोत थेट त्याच्या तोंडावर.

"ओढा, मामा," तो डोळे बारीक करून म्हणाला.

सोमनाथचा हात मुठीवर होता, पण त्याने ओढली नाही. "आधी सांग. त्या दिशी चहाला कशापाई आला व्हतास?"

कपिलने हात कपाळावर धरला, काढला. त्याला काच दिसत नव्हती, काचेमागचं कुणीच दिसत नव्हतं.

"मामा, मला म्होरचं काय दिसंना... पर सांगतो. मला रत्नासंगं लगीन करायचंय. ती व्हय म्हणली तर."

रत्नाने दार उघडलं. ती खाली उतरली, उजेडात चालत गेली आणि त्याच्या शेजारी जाऊन उभी राहिली. आता तिलाही पुढचं काही दिसत नव्हतं. तिने चाचपून त्याचा हात धरला. ग्रीसने भरलेला होता तो, पण तिने सोडला नाही.

"अण्णा, मी व्हय म्हणते."

मग आत खट्ट झालं. उजेड त्यांच्या डोळ्यांवरून उतरला, धरलेल्या हातांवरून उतरला आणि दोघांच्या पायांशी येऊन थांबला. डोळे निवल्यावर रत्नाला समोरची काच दिसली. तिच्या मागे सोमनाथचा एक हात अजून मुठीवर होता, आणि दुसऱ्या हाताने तो टॉवेलने डोळे पुसत होता.