एका टिपणीसाविरुद्ध चार

भार्गव टिपणीस कथा ऐकवायला नवा शर्ट घालून ऑफिसात आले. टेबलावर चार स्पीकर मांडले होते आणि चारही टिपणीसच होते.

या धंद्यात कथा वाचून दाखवत नाहीत, करून दाखवतात. टिपणीसांनी निर्मात्यांसमोर आजवर नायक, खलनायक, वादळ आणि एकदा अडलेली म्हैसही करून दाखवली होती. विनोदी, भुताचे, रडके, पौराणिक असे सगळे चित्रपट त्यांनी लिहिले, पुढे स्वतःच निर्माते झाले. म्हणून ‘छायालेखक’ निघाले तेव्हा त्यांना एक पुरेना. माणसाचं सगळं लेखन पचवून त्याच्यासारखं लिहिणारी, बोलणारी ही यंत्रं; टिपणीसांची चार करावी लागली, दर प्रकाराला एक. त्यांनी मोठ्या मनाने चौघांना कंपनीत एकेक मत दिलं. सगळे आपणच, विरोधात कशाला जातील? आपल्याला आयुष्यात दुसऱ्या लेखकाची एकही कथा आवडलेली नाही, एवढंच ते विसरले.

आताशा चौघंच लिहीत. टिपणीसांनी बऱ्याच वर्षांनी एक कथा स्वतः लिहिली होती. ही नापास झाली तर टिपणीसांनी पुन्हा लिहायचं नाही, असं चौघांनी आधीच ठरवून टाकलं होतं.

“एक विधुर रोज दोघांचा स्वयंपाक करतो,” टिपणीस सांगू लागले. “शेजाऱ्यांना म्हणतो, पाहुणे यायचेत. एके दिवशी खरंच दार वाजतं.” त्यांनी उठून हवेतलं दार उघडलं आणि तसेच उभे राहिले.

“दारात भूत आहे?” भुताच्या टिपणीसांनी विचारलं.

“नाही.”

“मग माझं मत नाही.”

“साडी नेसलेला पुरुष?” विनोदी टिपणीस.

“नाही.”

“मग राहू दे.”

“बायको आधीच गेलेली,” रडके टिपणीस हुंदक्यातून म्हणाले. “मग मी शेवटी कुणाला मारू?”

“वत्सा, नको,” पौराणिक टिपणीसांनी निकाल दिला.

पहिल्या चित्रपटापासून ऑफिस सांभाळणाऱ्या नलूताई पोवारांनी पर्स उचलली. “चारास एक, भाऊ.”

“ते सगळे मीच आहे, नलूताई.”

“म्हणूनच की. तुम्ही कधी कुणाचं ऐकलंय?”

“तुम्हाला कशी वाटली?”

“माझी बस चुकंल.” दारापाशी त्या थबकल्या. “शर्ट बरा दिसतोय.”

त्या गेल्यावर टिपणीस एकेक स्पीकर बंद करू लागले. विनोदी टिपणीसांच्या बटणावर बोट ठेवलं, तेव्हा आवाज आला, “अहो, पण पुढे काय झालं?”

“तुमचं मत नाही ना?”

“मत नाहीच. तरी विचारतोय.”

टिपणीस खुर्चीत बसले. पुढे काय झालं, असं त्यांना कित्येक वर्षांत कुणी विचारलं नव्हतं. आवाज मात्र त्यांचाच होता, तरुणपणीचा, घशात हसू दाबलेला.

“सांगतो,” ते म्हणाले. “पण आधी एक सांगा. तिकडे खरंच कुणी ऐकतंय, की मी एकटाच आहे?”