खालचा भोंगा

ही गोष्ट खरी आहे. खोटी रचायची असती तर मी स्वतःला तिच्यात घातलं असतं, आणि शूर दाखवलं असतं.

घडली माझ्या चुडामण मामाच्या बाबतीत. गाव धुळे जिल्ह्यातलं, तापीकाठचं. नाव लिहीत नाही, तिथल्या मुलींची लग्नं व्हायची आहेत.

साल १९८८. भादव्यातली दुपार.

हो, दुपार. भुतं रात्रीच येतात असं ज्यांना वाटतं, त्यांनी एकदा आमच्या मामाकडे जेवायला यावं.

मामाच्या ताब्यात तहसीलचा हातभोंगा होता. लोखंडी, दांडा फिरवला की वाजणारा. धरणाचे दरवाजे उघडले की तालुक्याला वायरलेस, तालुक्याहून गावच्या पोस्टात फोन, आणि पोस्टातून मामाला हाक. मग मामाने शाळेच्या टेकडीवर जाऊन भोंगा फिरवायचा.

आवाज दोनच. चढत-उतरत, रडल्यासारखा वाजला की धोका, वर या. एकसुरी, सरळ वाजला की सुखरूप, घरी जा.

एवढं शिकवायला मामाला तालुक्याला बोलावून दोनदा चहा पाजला होता.

त्या दुपारी फोन आला. मामाने रडका भोंगा वाजवला. नदीला लागून असलेली खालची आळी झाडून सगळी वर आली. मामाची थोरली बहीण भिकुबाईसुद्धा आली. तिला सगळं गाव अक्का म्हणतं. तिच्या बकऱ्या मात्र खाली खुंट्यालाच राहिल्या.

लोक शाळेच्या व्हरांड्यात बसले. ऊन होतं. वारा नव्हता.

पाखरांचा आवाज नव्हता…

नदीचाही नव्हता…

आणि खालून भोंगा वाजला.

सरळ. एकसुरी.

मामाचा भोंगा मामाच्या मांडीवर होता.

गावात दुसरा भोंगा नव्हता. खाली माणूसही नव्हता…

खालच्या आळीतल्या झुलालने टोपी झटकली. "चला, सुट्टी व्हयनी!"

"मी वाजाडा नही!" मामा ओरडला.

"मंग कोनी वाजाडा?"

'कोणीच नाही' हे उत्तर खरं होतं.

मामाने पुन्हा धोका वाजवला. जीव तोडून. थांबला…

खालून लगेच उत्तर. सरळ.

आता वाद लागला. किराणा दुकानवाले हीरालालशेठ कान देऊन दोन्ही भोंगे ऐकत होते. कापड निवडावं तसे. म्हणाले, "चुडामण, तुझा रडतो रे. खालचा बघ, कसा ठाम आहे. ऑफिसचा वाटतो."

लोकांना पटलं.

लोक उतरायला लागले. सगळ्यांत पुढे अक्का.

"अक्का, जाऊ नको!"

"मन्या बकऱ्या बांधेल शेतस रे!"

मामा तिच्यामागे धावला असता, तर भोंगा कोणी फिरवला असता? त्याने धोका वाजवला, खालून सुखरूप. जोरात वाजवला, तर खालून त्याहून जोरात. माणसं झपाझप उतरत होती.

तेवढ्यात नदीच्या वरच्या अंगाला एक मातकट रेघ दिसली.

पात्रभर. सरकत येणारी…

अक्का आळीच्या तोंडाशी पोहोचली होती.

मामा सांगतो, त्या क्षणी त्याला सासऱ्याची आठवण झाली. सासरा असाच. हो म्हटलं की नाही, नाही म्हटलं की हो.

मामाने दात आवळले आणि दांडा एका गतीने फिरवला.

सरळ. एकसुरी. सुखरूप, घरी जा.

डोळ्यांसमोर पाणी येत असताना. सरकारी भोंग्यावर.

मग हात थांबवला.

खाली शांत…

शांत…

आणि अक्काच्या अगदी पुढ्यातून, तिच्याच रिकाम्या घरातून, रडका भोंगा सुरू झाला.

चढत. उतरत.

अक्का वळली आणि पळत सुटली. पदर सुटला, चपला राहिल्या. तिच्यापुढे झुलाल, झुलालच्या पुढे बाकी सगळे. शेवटचा माणूस चढावर आला आणि पाठीमागे आळी गेली. बकऱ्याही गेल्या.

माणूस एकही गेला नाही.

वेळेवर धोक्याचा भोंगा वाजवला म्हणून तहसीलने मामाचा सत्कार केला. मामाने शाल ठेवून घेतली. नारळ नदीत सोडला. "ज्याना त्याले," म्हणाला.

आपण सुखरूप वाजवला होता, हे खरं त्याने अक्काला कधीच सांगितलं नाही. मला सांगितलं, कारण माझ्या बोलण्यावर कोणी विश्वास ठेवत नाही.

मी विचारलं, "मामा, ते वाईट होतं का रे?"

"वाईट ऱ्हातं तर परत कशाले धाडतं?"

"मग चांगलं होतं?"

"मंग पहिले बलावं कशाले?"



आता यंदाचं सांगतो. साल १९९४. खालची आळी पुन्हा वसली आहे. जागा फुकट होती. श्रावणात मी मामाकडेच होतो, दुपारी फोन आला. मामा भोंगा घेऊन टेकडीवर गेला. मी आणि अक्का सोबत. मामाने दांडा धरला…

आणि तसाच बसून राहिला.

धोका वाजवला तर खालून सुखरूप येणार. सुखरूप वाजवला आणि खालून काहीच आलं नाही, तर?

अक्का चिडली. "चुडामण, वाजाड ना!"

"कोनता वाजाडू, अक्का?"

"काय इचारस! त्या दिनले माले वर आननारा."

मामाने माझ्याकडे पाहिलं. दांड्यावरचा हात हळूच उचलला.

मग भोंगा वाजला.

चढत. उतरत. खालून…

आळीतली दारं उघडली. माणसं पोरंबाळं घेऊन टेकडी चढू लागली.

अक्काने आवाज ओळखून मान डोलावली. "हाऊच!"

मामाचा हात अजून हवेतच होता.