पहिलं की दुसरं?

आमची पहिली भेट माझ्या कपाळाने घेतली.

झालं असं – मला शेजारच्या झेरॉक्सच्या दुकानात जायचं होतं. नादात मी एक दार अलीकडेच वळले आणि ते दार काचेचं होतं. इतकं लख्ख, की ते तिथे आहे हेच मला कळलं नाही. धाड! चष्मा खाली पडला, त्याची एक काडी तुटली, आणि पलीकडे ओलं फडकं घेऊन उभा असलेला एक उंच, धूसर माणूस घाबरून म्हणाला, "लागलं का हो?"

"दार इतकं पुसतं का कुणी?" मी कपाळ चोळत म्हणाले.

"चष्म्याचं दुकान आहे. मळकट ठेवलं तर लोक नावं ठेवतील."

"आत्ता ठेवतेय ती ऐकू येताहेत ना?"

तो हसला. दिसलं नाही, पण ऐकू आलं... आणि का कोण जाणे, कपाळाचं दुखणं अर्ध्यावर आलं.

"काडी जोडायला आठवडा लागेल," तो चष्मा उचलून म्हणाला. "डोळे कधी तपासले होते?"

"चार वर्षं झाली."

"मग बसाच."

तो तपासणीच्या काचा बसवायची चौकट आणायला आत गेला. आणि तेवढ्या वेळात, शपथेवर सांगते, मी उठले, भिंतीवरच्या अक्षरांच्या फलकाला नाक लावलं आणि शेवटची ओळ पाठ करून टाकली. प, र, ल, ट, न. तो परत आला तेव्हा मी खुर्चीत हाताची घडी घालून बसले होते.

हा वेडेपणा का, ते सांगायला हवं. मी पाण्याच्या तपासणीच्या प्रयोगशाळेत काम करते. नमुन्याची नळी ठरलेल्या रंगांच्या नळ्यांशेजारी धरायची आणि कुणाशी जुळते ते बघायचं, हा माझा दिवस. नमुना एकटा काहीच सांगत नाही. मला वाटतं, माणसाचंही तसंच होतं. आपण कसे आहोत हे कळायला आपण कुणाच्या तरी शेजारी स्वतःला धरून बघतो. गंमत म्हणजे हा शेजारी कधी लांबचा नसतो. जगातली सर्वांत वेगवान बाई शंभर मीटर किती सेकंदांत धावते, याने माझ्या जेवणात खंड पडत नाही. पण ताई! माझ्याहून दीड वर्षाने मोठी, तेच नाक, तीच शाळा, त्याच बाई. तिला काही मिळालं की माझा घास अडकतो. तिच्यावर माझा जीव आहे, तरीही.

शाळेत एकदा डोळे तपासायला डॉक्टर आले होते. ताईने मागच्या भिंतीपासून शेवटची ओळ खडखडा वाचली. मी तिसऱ्या ओळीत अडकले. बाई म्हणाल्या, "अगं, ताईकडे बघ जरा!" तेव्हापासून डोळ्यांची तपासणी म्हणजे माझ्यासाठी परीक्षाच.

"जमेल तेवढं वाचा," तो म्हणाला.

"प, र, ल, ट, न."

"शेवटची ओळ? चष्म्याशिवाय? वा!"

त्या 'वा'ने माझे कान गरम झाले. पुढे तो एकेक काच बदलत विचारत राहिला, "आता पहिलं... आता दुसरं. कुठलं स्पष्ट?" आणि मी अक्षरांकडे बघायचं सोडून जेमतेम हातभरावरच्या त्याच्या भुवयांकडे बघत होते. भुवई उचलली की ते उत्तर बरोबर असणार! कधी दोन्ही सारखीच दिसायची. पण 'सारखंच' म्हणणं म्हणजे उत्तर येत नाही असं कबूल करणं. मी ठोकून द्यायचे, "दुसरं."

शुक्रवारी नवा चष्मा मिळाला. शनिवारी माझं डोकं ठणकायला लागलं. जिन्याच्या पायऱ्या तरंगायला लागल्या. प्रयोगशाळेत एकाच नमुन्याचे मी दोन वेगळे आकडे लिहिले, आणि आमच्या साहेबांनी मान तिरकी करून विचारलं, "प्रेमातबिमात पडलात की काय?"

काय सांगणार? चष्माही चुकला होता आणि साहेबही चुकले नव्हते.

दुकानात जाऊन "मी खोटं वाचलं" म्हणायची हिंमत नव्हती. आणि न जाता राहवतही नव्हतं. म्हणून मी म्हणाले, "स्क्रू सैल झालाय."

"बघू," तो म्हणाला आणि दहा मिनिटं बारीक पेचकसाने स्क्रू आवळत बसला. सोमवारी पुन्हा सैल झाला. बुधवारी पुन्हा.

"तुम्ही चष्मा घालून करता काय?" त्याने विचारलं.

"विचार."

"इतका जोरात?"

तो चष्मा माझ्या कानांवर बसवून द्यायचा, बोटं कानाला लागू न देता... आणि न लागलेली ती बोटं मला रात्रीपर्यंत जाणवायची.

मग शनिवारी ताई म्हणाली, "तुझ्या त्या चष्मेवाल्याकडे मलाही ने. गॉगल घ्यायचाय."

झालं! ताई आत शिरली (दाराला न धडकता) आणि पाच मिनिटांत त्याला हसवून मोकळी झाली. दारातूनच तिने फलक वरपासून खालपर्यंत वाचला. तो म्हणाला, "वा!"

तेच 'वा'. माझं 'वा'.

माझं काय झालं ते मलाच कळलं नाही. मी पुढे झाले आणि फलकाकडे न बघताच म्हणाले, "त्यात काय! मलाही येतं. प, र, ल, ट, न."

ताईने आधी फलकाकडे आणि मग माझ्याकडे पाहिलं.

"अगं," ताई हळूच म्हणाली, "तिथे ग, म, स, ड, क आहे."

"काल बदलला मी," तो म्हणाला. त्याचा आवाज खूप मऊ होता. "तुमचा जुना चष्मा दुरुस्त करताना काचा मोजल्या. ती काच लागणाऱ्या माणसाला चष्म्याशिवाय शेवटची ओळ वाचता येणं शक्यच नाही. त्या दिवशी नंबर मोजायचं यंत्रही वेगळाच आकडा सांगत होतं. पण तुम्ही इतक्या तोऱ्यात वाचलंत... मी यंत्राचं सोडून तुमचं ऐकलं. चूक माझीही आहे. आज फोन करणारच होतो."

पुन्हा दारावर आपटावं आणि पलीकडे पडावं, असं मला झालं. ज्याच्यासमोर चांगलं दिसायचं होतं त्याच्यासमोर, आणि तेही ताईच्या देखत!

पण ताई हसली नाही. ती खुर्चीत बसली आणि पर्सचा बंद गुंडाळत म्हणाली, "आता लपवण्यात अर्थ नाही. मला गॉगल नकोय हो. मला जवळचं नीट दिसत नाही. वाचलं की डोकं चढतं. वर्ष झालं."

"ताई! मग बोलली का नाहीस?"

"तुझ्यासमोर? तुला चष्मा लागला तेव्हा सगळे म्हणाले, किती हुशार दिसते. माझं कौतुक कशाचं, तर डोळ्यांचं. तेही गेलं म्हणून कसं सांगू?"

मी तिच्याकडे बघतच राहिले. इतकी वर्षं मी तिच्या शेजारी स्वतःला धरून बघत होते... आणि पलीकडून ती?

"एकेक करून बसा," तो म्हणाला. "मी एका वेळी एकाच माणसाचे डोळे तपासतो. शेजारच्या खुर्चीत कोण आहे याने कुणाचा नंबर बदलत नाही."

ताईचं झालं. मग मी बसले. या वेळी भुवयांकडे बघितलं नाही... फारसं. तिसऱ्या ओळीत अडकले आणि तसं सांगितलं. आकाश कोसळलं नाही.

"पहिलं?" त्याने काच फिरवली. "की दुसरं?"

मी नीट बघितलं. मोठा श्वास घेतला. "सारखंच."

"वा!" तो इतक्या आनंदाने म्हणाला की माझ्या हातातला रुमाल पडला. "याचीच वाट बघत होतो. दोन्ही सारखी दिसली की फिरवणं थांबवायचं. तोच तुमचा नंबर."

चौकट अजून माझ्या नाकावरच होती. मी मान वर केली आणि त्याला पहिल्यांदाच नीट बघितलं. हनुवटीवर जुना व्रण. एक भुवई दुसरीपेक्षा वर. आणि कान... लालभडक!

"एक विचारू?" मी म्हणाले. "स्क्रू खरंच सैल होता?"

"पहिल्या दिवसापासून घट्ट होता."

"मग दहा दहा मिनिटं आवळत काय होता?"

त्याने पेचकस या हातातून त्या हातात घेतला. मागून ताई खोकली आणि म्हणाली, "मी जरा झेरॉक्स काढून येते." हातात एकही कागद नव्हता.

दार बंद झालं. माझं काळीज इतकं उड्या मारत होतं की चौकटीतल्या काचा किणकिणतील असं वाटलं.

"आता मी विचारते," मी म्हणाले. "नीट बघून उत्तर द्या. माझ्याबरोबर चहा. पहिलं – आज. दुसरं –"

"पहिलं," तो म्हणाला.